‘डीएलएल सापडत नाही’ म्हणजे नेमकं काय सापडत नाही?

"सर, पत्रिकेचं सॉफ्टवेअर उघडेना झालंय. एमएसव्हीसीपी१४० डॉट डीएलएल सापडत नाही म्हणतंय. मी नेटवरून ती एक फाइल उतरवून टाकली, तर आता फ्लेक्सचं पण बंद पडलं."

ऐन लग्नसराईत आमच्या तालुक्याच्या गावातल्या एका डीटीपीवाल्याचा हा फोन. शेजारच्या दुकानदारानं तोवर निदानही करून टाकलं होतं: व्हायरस आहे, फॉरमॅट मारावा लागेल. आपल्याकडे कॉम्प्युटरच्या निम्म्या दुखण्यांवर हाच काढा देतात. फॉरमॅट मारल्यावर मशीन चालू झालंही असतं, पण बंद कशानं पडलं ते कुणालाच कळलं नसतं आणि पुढच्या सीझनला पुन्हा तेच.

त्याच्या दुकानात पोचेपर्यंत आपण त्या फाइलकडे नीट बघून घेऊ.

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रॅमनी मिळून वापरायची फाइल, त्याबद्दल पुढे येईलच. बाकी नावातच बरंच काही आहे. एमएस म्हणजे मायक्रोसॉफ्ट, व्हीसी म्हणजे व्हिज्युअल सी आणि पी म्हणजे प्लस प्लस. सी प्लस प्लस या भाषेत लिहिलेल्या प्रोग्रॅमना लागणारं तयार सामान या फाइलीत भरलेलं असतं. १४० हा आवृत्तीचा आकडा, म्हणजे १४.०. व्हिज्युअल स्टुडिओ या मायक्रोसॉफ्टच्या प्रोग्रॅम बांधायच्या हत्याराच्या २०१३ च्या आवृत्तीचा आकडा १२.० होता, २०१५ चा थेट १४.०. लिफ्टमध्ये बारानंतर चौदावा मजला यावा तसा. फाइल लहानशी असते, एक एमबीसुद्धा भरत नाही. आणि तिच्यातलं एक मोठं कपाट असतं ते आत येणाऱ्या आणि बाहेर जाणाऱ्या प्रवाहांचं, म्हणजे इनपुट-आउटपुट स्ट्रीमचं.

प्रवाह कशाला म्हणायचं

शेताला पाटाचं पाणी देणारा माणूस पाणी धरणातून आलं की विहिरीतून, याची चौकशी करत बसत नाही. पाट वाहतोय ना? दारं मोडायचं, वाफा भरला की पुढच्या वाफ्याचं मोडायचं. प्रोग्रॅमचंही तसंच असावं, ही स्ट्रीममागची कल्पना. माहिती कीबोर्डवरून येवो, हार्ड डिस्कवरच्या फाइलीतून येवो की दुसऱ्या प्रोग्रॅमकडून, आपल्याला एकामागून एक येणारे बाइट दिसतात. बाहेर पाठवतानाही आपण पाटात सोडायचं. ते पडद्यावर उमटेल, फाइलीत साठेल नाहीतर प्रिंटरकडे जाईल, ते पाट बघून घेईल.

कल्पना जुनी आहे. अमेरिकेतल्या बेल लॅब्स या संशोधनसंस्थेत डग मॅकलरॉय यांनी १९६४ मध्ये एका टिपणात लिहिलं होतं की बागेतल्या पाण्याच्या नळ्या जोडाव्यात तसे प्रोग्रॅम एकमेकांना जोडता आले पाहिजेत. १९७३ मध्ये तिथल्याच युनिक्स या ऑपरेटिंग सिस्टीममध्ये ते ‘पाइप’ म्हणून प्रत्यक्षात आलं. तिथल्या प्रत्येक प्रोग्रॅमला जन्मतःच तीन पाट मिळतात, त्यांचे नंबर ०, १ आणि २: आत येणारा, बाहेर जाणारा आणि तक्रारींसाठी वेगळा राखून ठेवलेला. सी प्लस प्लसचे जनक ब्यार्न स्ट्रूस्ट्रुप यांनी आपल्या भाषेसाठी अशा प्रवाहांचं पहिलं सामान तयार केलं, जेरी श्वार्ट्झ यांनी ते नव्यानं बांधलं आणि १९९८ मध्ये ते भाषेच्या अधिकृत मानकात आलं. आजही कॉलेजात सी प्लस प्लसच्या पहिल्या तासाला जो ‘सी-आउट’ गिरवून घेतात, तो हाच बाहेर जाणारा पाट.

पण पाट नुसता वाहून नेत नाही, वाटेत कामंही करतो. पत्रिका छापणाऱ्याच्या बिलातली १२५००० ही रक्कम घ्या. मेमरीत ती चार बाइटमध्ये शून्य-एकच्या रूपात पडलेली असते. कागदावर मात्र एक, दोन, पाच आणि तीन शून्यं अशी सहा वेगळी अक्षरं हवीत. हे रूपांतर स्ट्रीम करते. त्यात स्वल्पविराम कुठे द्यायचा तेही तिला सांगता येतं. मला स्वतःला या सामानातली ही जागा फार आवडते. साधारण अमेरिकी पद्धतीनं तीन-तीन आकड्यांवर स्वल्पविराम पडतो, म्हणजे १२५,०००. इथे गटाचा आकार म्हणून एकच आकडा घेतला असता तर आपला लाख-कोटीचा हिशेब कायमचा बाहेर राहिला असता. पण सामान रचणाऱ्यांनी तिथे आकड्यांची माळ ठेवली. ‘पहिला गट तीनचा, पुढचे सगळे दोनचे’ एवढं सांगितलं की १,२५,००० छापून येतं. कोट्यवधी रुपये असले तरी तीच माळ पुरते.

अक्षरांच्या बाबतीत मात्र पाट तितका शहाणा नाही. त्याला बाइट कळतात, अक्षरं कळत नाहीत. युनिकोडच्या नेहमीच्या यूटीएफ-८ मांडणीत देवनागरीचं प्रत्येक चिन्ह तीन बाइटचं असतं. ‘मराठी’ या शब्दात म, र, काना, ठ आणि वेलांटी अशी पाच चिन्हं, म्हणजे पंधरा बाइट. विंडोजच्या काळ्या खिडकीला, म्हणजे कमांड प्रॉम्प्टला, आधी बजावून ठेवलं नाही, तर ती त्या पंधरा बाइटची पंधरा सुटी अक्षरं समजते आणि ग्रीक अल्फा, टोपीवाला स्पॅनिश एन असलं काहीबाही पडद्यावर ओतते. मराठीत पहिला प्रोग्रॅम लिहिणाऱ्या प्रत्येक पोराला हे दर्शन घडलेलं असतं आणि त्याला वाटतं फॉन्ट गेला. फॉन्ट शाबूत असतो. पाटाच्या दोन टोकांनी भाषा ठरवून घेतलेली नसते, एवढंच.

मधला हौद

आता खरं कौशल्याचं काम. फाइलीत लिहायचं तर प्रोग्रॅमला ऑपरेटिंग सिस्टीमच्या दारात जावं लागतं आणि दर खेपेला वेळ जातो. एक लाख बाइट एकेक करून पाठवले तर एक लाख खेपा. म्हणून स्ट्रीम मध्ये एक हौद बांधते, त्याला बफर म्हणतात. बाइट आधी हौदात साठतात, हौद भरला की एकदम पुढे सोडायचे. हौद ८,१९२ बाइटचा धरला तर तेच काम तेरा खेपांत आटोपतं. एक लाखाच्या जागी तेरा! नव्या प्रोग्रॅमरच्या हातून हा हौद नकळत फुटतो, कारण ओळ संपवायला तो ‘एंड-एल’ लिहितो. त्यानं ओळ संपतेच, पण प्रत्येक ओळीला हौदही रिकामा होतो. मग ‘सी प्लस प्लस स्लो आहे’ अशी ओरड.

हौदाचा तोटाही आहे. प्रोग्रॅम मध्येच कोसळला तर हौदात साठलेलं पुढे गेलेलंच नसतं, ते त्याच्याबरोबर जातं. म्हणूनच कित्येकदा बिघाडाच्या नोंदीतली शेवटची, नेमकी हवी असलेली ओळ सापडत नाही. तक्रारींच्या पाटाला हौद न ठेवण्याचं कारणही हेच. पेनड्राइव्ह घाईनं उपटू नका म्हणतात तिथेही हौदच असतो, फक्त तो ऑपरेटिंग सिस्टीमचा, एक पायरी खालचा.

विंडोजवर आणखी एक खोड आहे. ओळ संपल्याची खूण युनिक्समध्ये एकाच बाइटची, क्रमांक १०. विंडोजमध्ये ती दोन बाइटची, १३ आणि १०. प्रोग्रॅमरला त्रास नको म्हणून मजकुराच्या पाटावर हे सामान परस्पर बदल करतं: लिहिताना प्रत्येक १० च्या आधी १३ घालायचा, वाचताना काढून टाकायचा. शिवाय वाचताना २६ दिसला की फाइल संपली असं समजायचं, हा फार जुन्या काळापासून चालत आलेला रिवाज. पत्रासाठी हे ठीक आहे. पण याच पाटातून फोटो सोडला तर? फोटोत १० आणि २६ हे बाइट रंगाचे आकडे म्हणून जागोजागी येणारच. फोटो फाटतो किंवा अर्ध्यात तुटतो. ‘बायनरी’ असं सांगून पाट उघडला तरच बाइट जसेच्या तसे जातात.

पीएनजी चित्रांची रचना करणाऱ्यांना हे ठाऊक होतं. कुठल्याही पीएनजी फाइलचे पहिले आठ बाइट ठरलेले असतात: १३७, ८०, ७८, ७१, १३, १०, २६, १०. मधले तीन म्हणजे पी, एन, जी ही अक्षरं. आणि शेवटचे चार हे मुद्दाम लावलेले सापळे. वाटेत कुणी ओळींच्या खुणा बदलल्या तर या चारांत गडबड होते आणि फाइल बिघडल्याचं पहिल्या घासालाच कळतं. आठ बाइटांत इतकी अक्कल मी क्वचितच पाहिली आहे.

गावकीची भांडी

एवढं सगळं काम जवळजवळ प्रत्येक सी प्लस प्लस प्रोग्रॅमला लागतं. मग ते प्रत्येकाच्या पोटात का भरत नाहीत?

बऱ्याच गावांत लग्नाची भांडी देवळात नाहीतर समाजमंदिरात ठेवलेली असतात. मोठाली पातेली, घमेली, झारे, वर नाव कोरलेलं. कार्य निघालं की न्यायची, घासून परत आणायची. प्रत्येक घरानं पाचशे माणसांचं पातेलं विकत घेऊन माळ्यावर ठेवलं तर पैसे जातील आणि माळाही. डीएलएल म्हणजे अशी सामायिक भांडी, आणि १९८५ च्या पहिल्या विंडोजपासून ती आहेत. उपमा एका जागी तोकडी पडते हे मात्र कबूल केलं पाहिजे: देवळातलं पातेलं एका वेळी एकाच मांडवात जातं, डीएलएल मात्र एकाच वेळी दहा प्रोग्रॅम वापरतात. तिच्यातली कृती मेमरीत एकदाच येते आणि सगळे तीच वाचतात, पण प्रत्येकाची माहिती वेगळ्या जागी राहते. पातेलं एकच, आमटी ज्याची त्याची.

मोठा फायदा दुरुस्तीत आहे. सामानात सुरक्षेची चूक सापडली तर एक फाइल बदलली की तिच्यावर चालणारे सगळे प्रोग्रॅम दुरुस्त. पोटात भरलेलं असतं तर प्रत्येक कंपनीनं आपला प्रोग्रॅम नव्यानं बांधून पाठवेपर्यंत वाट बघावी लागली असती.

प्रत्येक प्रोग्रॅमच्या फाइलीत एक यादी असते: अमुक डीएलएल हवी, तिच्यातली अमुक नावं हवीत. आपण आयकॉनवर डबल क्लिक केलं की विंडोज आधी ही यादी घेऊन बसतं. पहिल्यांदा प्रोग्रॅमच्याच फोल्डरमध्ये बघतं, मग सिस्टीमच्या फोल्डरमध्ये, मग पुढे. यादीतलं एक जरी मिळालं नाही तर प्रोग्रॅमची पहिली ओळही चालत नाही. म्हणून ती चौकट सॉफ्टवेअर उघडायच्या आतच येते. ती पत्रिकेच्या सॉफ्टवेअरची नसते, विंडोजची असते.

आणि ही फाइल एकटी कधीच नसते. तिच्या खाली व्हीसीरनटाइम१४० नावाची फाइल लागते, त्याच्याही खाली विंडोज १० पासून सिस्टीमचाच भाग असलेली यूसीआरटीबेस. एक पातेलं आणलं आणि चूल नसली तर काय करणार?

झालं काय होतं

दुकानात गेल्यावर उलगडा व्हायला दहा मिनिटं लागली. मशीन हळू चालतं म्हणून त्यानं आदल्या रात्री सॉफ्टवेअरची यादी उघडून साफसफाई केली होती. त्या यादीत ‘व्हिज्युअल सी प्लस प्लस रिडिस्ट्रिब्युटेबल’ अशा एकसारख्या नावांची रांगच असते: २००८, २०१०, २०१२, २०१३, पुढे २०१५ पासूनची एकत्र. शिवाय प्रत्येकाची एक्स८६ आणि एक्स६४ अशी जोडी. आपली सामायिक भांडी मशीनवर येतात ती याच पाकिटांतून.

"सर, सगळं डबल-डबल होतं. मी एकेक काढलं."

प्रोग्रॅमांची मापं दोन, ३२ बिट आणि ६४ बिट, आणि प्रत्येकाला आपल्याच मापाची डीएलएल लागते. यानं काढलं ते नेमकं एक्स८६, म्हणजे ३२ बिटचं. आणि त्याचं जुनं पत्रिकेचं सॉफ्टवेअर ३२ बिटचंच. इथवर नुकसान एकच होतं. मग त्यानं डीएलएल वाटणाऱ्या कुठल्याशा साइटवरून ३२ बिटची फाइल उतरवली. ३२ बिटची फाइल जाणार कुठे? सिस्टीम३२ नावाच्या फोल्डरमध्ये, दुसरीकडे कुठे! ‘अशी फाइल आधीच आहे, बदलू का?’ असं विंडोजनं विचारलं, यानं हो म्हटलं.

यात त्याचा दोष मी धरत नाही. ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टीम३२ या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या असतात सिसवॉव६४ मध्ये. पाटीवर एक, आत दुसरं. जुन्या प्रोग्रॅमांनी सिस्टीम३२ हे नाव पक्कं धरलेलं होतं, ते मोडू नये म्हणून नाव तसंच ठेवलं गेलं. ३२ बिटचा प्रोग्रॅम सिस्टीम३२ मध्ये बघायला गेला तर विंडोज त्याला गुपचूप दुसऱ्या फोल्डरकडे वळवतं. म्हणजे याची नवी फाइल पत्रिकेच्या सॉफ्टवेअरला दिसलीच नाही. आणि फ्लेक्सचं ६४ बिटचं सॉफ्टवेअर, जे सकाळपर्यंत धडधाकट होतं, त्याला आपल्या पातेल्याच्या जागी भलत्याच मापाचं पातेलं मिळालं. त्यानं ०एक्ससी०००००७बी असा आकडा दाखवून मान टाकली. हा आकडा बहुतेक वेळा ३२ आणि ६४ ची सरमिसळ झाली की येतो.

उपाय साधा. उतरवलेली फाइल पुसली, मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साइटवरून एक्स८६ आणि एक्स६४ ही दोन्ही पाकिटं आणून बसवली, मशीन एकदा बंद-चालू केलं. ६४ बिटच्या विंडोजवर दोन्ही लागतात, कारण दोन्ही मापांचे प्रोग्रॅम असतात. परक्या साइटवरची सुटी डीएलएल का घेऊ नये, याचं कारण नुसतं माप चुकण्याचं नाही. ती फाइल तुमच्या प्रोग्रॅमच्या आत शिरून, त्याच्याच अधिकारानं चालते. कुणी तिच्यात आणखी काही मिसळलं असेल तर तुमच्या हिशेबाच्या सॉफ्टवेअरला जे दिसतं ते सगळं तिलाही दिसतं.

नाव तेच, माल वेगळा

सामायिक भांड्यांचं जुनं दुखणं म्हणजे कुणीतरी मोठं पातेलं नेतो आणि तसंच नाव कोरलेलं लहान आणून ठेवतो. नव्वदच्या दशकात विंडोजवर हे इतकं माजलं की त्याला ‘डीएलएलचा नरक’ असं नावच पडलं. नवा प्रोग्रॅम बसवला की तो जुनी डीएलएल वर चढवायचा आणि आधीचे दोन प्रोग्रॅम आडवे व्हायचे. म्हणून दर आवृत्तीला आकडा बदलायची पद्धत आली: १००, ११०, १२०. मग २०१५ नंतर मायक्रोसॉफ्टनं उलटं ठरवलं. २०१५, २०१७, २०१९, २०२२ या सगळ्यांना नाव १४० च, आणि नवी फाइल जुन्या प्रोग्रॅमना चालेल अशी हमी. उलट दिशेची हमी मात्र नाही. २०२४ मध्ये ते दिसलं. नव्या हत्यारांनी बांधलेल्या काही प्रोग्रॅमांना जुनी १४० मिळाली की ते सुरू होताच कोसळू लागले. फाइल होती, नाव बरोबर होतं, वय चुकलं होतं. बहुतेकदा कुणीतरी आपल्या फोल्डरमध्ये जुनी प्रत बाळगलेली असायची, आणि शोध आधी घरातूनच सुरू होतो हे वर आलंच आहे.

लिनक्सवर हेच सामान लिबएसटीडीसी++ डॉट एसओ डॉट ६ या फाइलीत असतं. तो ६ आकडा २००४ पासून हललेला नाही. त्याऐवजी तिथे फाइलीच्या आतल्या नावांवर शिक्के मारतात: प्रोग्रॅम बांधायचं तिथलं हत्यार जीसीसी, त्याच्या ५ व्या आवृत्तीबरोबर आलेल्यांवर ३.४.२१, जीसीसी १२ बरोबर आलेल्यांवर ३.४.३०. म्हणून लिनक्सची तक्रार जास्त नेमकी असते. फाइल मिळाली, पण तिच्यात ३.४.३० चा शिक्का नाही, असं ते स्वच्छ सांगतं आणि त्यावरून सिस्टीम जुनी आहे की कुणी मध्ये जुनी प्रत आणून ठेवली आहे, हे शोधता येतं. मॅकवर तर २०२० च्या बिग सरपासून अशा सिस्टीमच्या फाइली डिस्कवर सुट्या दिसतच नाहीत, सगळ्या एका मोठ्या गठ्ठ्यात बांधलेल्या. हरवायला काही हाताशीच ठेवलेलं नाही.

दोन्ही सॉफ्टवेअर उघडल्यावर आमच्या डीटीपीवाल्यानं पुन्हा ती यादी काढली. "मग सर, यातलं २००८ चं तरी काढू का? कोण वापरतं ते आता?"

"तुझा जुना स्कॅनर वापरत असेल."

त्यानं स्कॅनरकडे एकदा बघितलं आणि यादी बंद केली. पत्रिकेत नवरदेवाच्या मामांचं नाव घालायचं राहिलं होतं आणि मामा स्वतः दुकानाच्या पायरीवर बसून होते.